दोन इंचाची तार

ड्रायर ताईच्या घरी मीच आणला. हे पहिलेच सांगून टाकतो, नाही तं मागून कोणी म्हणेल का मशीन दुसऱ्यानं आणली अन् हा बिचारा नुसता दुरुस्तीले गेला. बिचारा मी कधीच नव्हतो.

जबलपूरच्या सदरमधे मिलिटरीच्या एका साहेबांची बदली झाली होती. त्यांच्याकडे मी वॉशिंग मशीनचा बेल्ट टाकाले गेलो होतो. पेट्या बांधून राहिले होते. मेमसाहेबांनी कोपऱ्यातला ड्रायर दाखवला अन् म्हणाल्या, भैया, ये ले जाओ, पहाड़ की पोस्टिंग में लिया था, यहाँ धूप में किस काम का. मले दोनदा सांगा लागत नाही. ई-रिक्षात मी त्याले दोन्ही हातांनी असा धरून बसलो का चौकातल्या चहावाल्यानं विचारलं, दुल्हन ला रहे हो क्या? मी म्हटलं, हो, अन् ही बोलत पण नाही.

मी मिस्तरी आहे. वॉशिंग मशीन, गीझर, मिक्सर, रिछाईच्या कारखान्यांतल्या लहान मोटारी, जे हाती येईल ते. सातवीत दोनदा बसलो. तिसऱ्यांदा मास्तरच बाबांले म्हणाले का आता याले बसवू नका, उभाच राहू द्या. बाबा डिफेन्स फॅक्टरीत होते, शिस्तीचा माणूस. ताई माझ्याहून आठ वर्षांनी मोठी. घरातलं शिक्षण सगळं तिनं घेतलं, माझ्या वाट्याचं पण. सरकारी ऑफिसात लागली, लग्न केलं नाही, अन् बाबा गेल्यावर आईले तिनंच पाहिलं. आईले लकवा मारला तं ताई मुदतीच्या आधीच रिटायर होऊन घरी बसली. मी काय केलं? मी रविवारी जाऊन आईले हसवत होतो. माझ्या वाट्याले तेवढंच आलं होतं अन् मले वाटे का ते पुष्कळ झालं.

आईचं उजवं अंग गेलं होतं. बोलणं पण गेलं होतं, तीन-चार शब्द उरले होते, ते पण रोज येतील असं नाही. दिवसाले पाच-सहा चादरी ओल्या होत. उन्हाळ्यात त्याचं काही नाही, जबलपूरचं ऊन घंटाभरात चादरीचा पापड करते. पण श्रावण-भादव्यात काय करता? ताईनं खोलीखोलीत दोऱ्या बांधल्या होत्या. घरात जिकडे चालावं तिकडे तोंडावर ओली चादर. थोडी जरी दमट राहिली तं आईच्या पाठीले फोड येत, म्हणून ताई एकेक चादर इस्तरी फिरवून फिरवून कोरडी करे. एकदा मी म्हटलं, ताई, तुझे हात भिजल्या चण्यावाणी झाले. ती म्हणाली, "अन् तुझं तोंड भाजल्या चण्यावाणी. तडतडच करते."

म्हणून ड्रायर आणला. आईची खोली अन् बाथरूम यांच्यामधे जो बोळ आहे तिथं बसवला. गरम हवा जाते तो मोठा पाइप बाथरूमच्या झरोक्यातून बाहेर काढला. पहिली चादर निघाली ती ताईनं तशीच गरम गरम आईच्या अंगाखाली घातली. आईनं डोळे मिटले, गाल त्या चादरीवर घासला अन् म्हणाली, "गरम." लकव्यानंतर हा शब्द पहिल्यांदा आला होता. ताई बाथरूममधे जाऊन नळ सोडून रडली. मी घरी जाऊन बायकोले ही गोष्ट तीनदा सांगितली. चौथ्यांदा सांगाले लागलो तं ती म्हणाली, मले पाठ झाली, आता मी तुम्हाले सांगू का?

घरासाठी जन्मात एक काम मी बरोबर केलं होतं. आता ते कसं बिघडवलं ते ऐका.

ड्रायरमधे कपडे घोळतात तं त्यांची रुई निघते. थोडी जाळीत अडकते, ती ताई रोज काढत होती, ती शिस्तीची. पण थोडी पाइपातून बाहेर उडते. झरोक्याच्या पलीकडे शेजारच्या भाभीजींचा ओटा. त्यांच्या वाळत घातलेल्या साड्यांवर आमच्या आईच्या चादरीची रुई जाऊन बसाले लागली. त्यांनी ताईले सांगितलं, ताईनं मले. मी मोठा इंजिनियर. मच्छरदाणीचा तुकडा घेतला, चार घड्या केल्या, पाइपाच्या तोंडाले रबरानं बांधला. रुई बंद. भाभीजी म्हणाल्या, भैया का दिमाग तेज़ है. मी ते खरं समजलो.

ड्रायरच्या पाइपाचं तोंड बांधणं म्हणजे धावत्या माणसाच्या नाकाले कपडा बांधणं. हे मले माहीत नव्हतं असं नाही. माहीत होतं, पण ते गिऱ्हाइकाच्या घरासाठी. घरचं काम असलं का माझी अक्कल दुकानात राहते.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी ताईचा फोन आला, मशीन फिरते पण गरम नाही होत. गेलो. मागची पत्र्याची पाटी उघडली, मीटर लावला. हीटर बरोबर होता. थर्मल फ्यूज गेला होता. हा फ्यूज म्हणजे बोटाच्या पेराएवढी पांढरी वस्तू, दोन टोकांले दोन वायरी. मशीन जास्तच तापली का हा उडते अन् हीटरची लाइन तोडून टाकते. एकदा उडला का संपला, पुन्हा जोडल्या जात नाही, नवाच टाका लागते. दुसरा एक थर्मोस्टॅट पण असते, तो गरमी पाहून हीटरले कधी चालू कधी बंद करते. तो रोजचा चौकीदार. फ्यूज म्हणजे चौकीदार झोपला तं उठणारा घरमालक. फ्यूज उडला म्हणजे कुठंतरी काहीतरी चुकून राहिलं आहे, ते पहिले शोधा लागते, मग फ्यूज. पाइप पाहा, पंखा पाहा, थर्मोस्टॅट पाहा. हे मी आजकाल पाटन-मझौलीच्या गावांपर्यंत लोकांले सांगत फिरतो. तेव्हा मी काय शोधलं? चहा कुठं ठेवला ते शोधलं.

फ्यूज जबलपुरात मिळण्यासारखा नव्हता. इथं ड्रायर आहेत कोणाकडे? नागपूरहून मागवा लागला असता, चार-आठ दिवस. अन् बोळात ओल्या चादरींचा ढीग, आत आई ओल्यावर पडलेली, ताई दारात उभी. ती कधीच काही मागत नाही.

आमच्या धंद्यात एक शब्द आहे, डायरेक्ट. जे अडवते ते काढून टाका अन् दोन टोकं तारेनं जोडून द्या. गीझरचा कटआउट, मिक्सरचं लाल बटन, सगळं डायरेक्ट. गिऱ्हाईक खूश होते, चार जणांले सांगते का ये मिस्तरी पार्ट के लिए नहीं दौड़ाता. मी खिशातून तार काढली, दोन इंच तोडली, टोकं सोलली अन् फ्यूजच्या जागी जोडली. मशीन गरम झाली. ताईनं विचारलं, "हे चालते ना असं?" मी म्हटलं, "ताई, सगळी दुनिया डायरेक्टवर चालून राहिली. दोन दिवसांची गोष्ट आहे, नवा आणतो."

नवा मी मागवलाच नाही. विसरलो असं पण म्हणता येत नाही. रोज आठवे, अन् रोज वाटे का चालून तं राहिली. गिऱ्हाइकाचं असतं तं त्यानं दहा फोन केले असते. ताईनं एकदा पण केला नाही. भाऊ आहे, आणेल, एवढंच तिच्या डोक्यात.

गणपती उठल्यावर तिसऱ्या दिवशी दुपारी मी रिछाईत एका मोटारीचं बेअरिंग काढून राहिलो होतो. भाभीजींचा फोन आला. त्या एवढ्या जोरानं बोलत होत्या का मले समजेच ना. शेवटी समजलं, धुआँ, अम्मा जी, जल्दी आओ.

झालं असं का ताईनं ड्रायर लावला अन् आईची गोळी संपली होती म्हणून चौकातल्या मेडिकलवर गेली. पाच मिनिटांचं काम. तिथं तिच्या ऑफिसातली जुनी मैत्रीण भेटली. दोघी बोलत उभ्या राहिल्या. ताई कितीतरी महिन्यांत कोणाशी बोलली नव्हती. वीस मिनिटं झाली असतील. त्या वीस मिनिटांत चादरी आत जळाल्या. मोठा भडका नव्हता, पण रबर अन् प्लास्टिकचा काळा धूर बोळातून सरळ आईच्या खोलीत गेला. भाभीजींले वास आला. त्यांनी अन् त्यांच्या मालकांनी कुलपासकट दाराची कडी तोडली अन् आईले गादीसकट ओढत ओट्यावर आणलं. तापल्या पत्र्याले लागून भाभीजींचे दोन्ही हात भाजले होते. मी पोहोचलो तं आई ओट्यावर खोकून राहिली होती अन् ताई तिच्या पायाशी मेडिकलची पिशवी धरून बसली होती.

ॲम्ब्युलन्स यायची होती. लोक जमले होते. मी मिस्तरी, सगळे माझ्याकडे पाहाले लागले का झालं काय. कोणीतरी मेन स्विच बंद केलाच होता. मी आत गेलो, नाकाले रुमाल लावून मशीनची मागची पाटी उघडली. आत रुईच रुई, जळून काळी झालेली, कावळ्याच्या घरट्यावाणी. थर्मोस्टॅट चिकटला होता, म्हणजे हीटर बंदच झाला नव्हता. अन् फ्यूजच्या जागी माझी तार. आजूबाजूचं सगळं जळलं होतं अन् ती तार मस्त होती. माझं एकच काम जन्मात पक्कं झालं ते हे.

मी ती तार ओढून काढली अन् खिशात टाकली. बोटं भाजली, ते बरंच झालं, लोकांले वाटलं का आग विझवताना भाजली.

बाहेर आलो. भाभीजींच्या मालकांनी विचारलं, क्या हुआ भैया? ताईनं पण मान वर केली. अन् मी सगळ्यांसमोर म्हणालो, "मशीन पुरानी थी. चालू छोड़ के बाहर नहीं जाना चाहिए था."

हे वाक्य खोटं नाही. ड्रायर चालू ठेवून घर सोडू नये, हे खरंच आहे, कोणालेही विचारा. खऱ्या वाक्यानं एवढं खोटं बोलता येते हे मले तेव्हा समजलं, सातवी नापास असून. ताईची मान खाली गेली ती मी आजपण पाहून राहिलो.

आई नऊ दिवस हॉस्पिटलमधे होती. डॉक्टर म्हणाले, फुफ्फुसात धूर गेला आहे, अन् उमर पण आहे. मी ठरवलं का आई बरी झाली का ताईले सांगू. मग आई गेली. मग ठरवलं तेरवी झाल्यावर सांगू. तेरवीले नातेवाईक आले, नागपूरची मंडळी, रायपूरची मंडळी, अन् मी तिथं पण लोकांले हसवलं. कोणी म्हणालं, तू आहेस म्हणून घरात जरा जीव आहे. तार मी पहिल्याच दिवशी हॉस्पिटलच्या बाहेर नालीत टाकून आलो होतो. ड्रायर दुसऱ्या दिवशी कबाडीले देऊन टाकला. एवढी तातडी मी कोण्या गिऱ्हाइकाच्या कामात कधी केली नसेल.

त्यानंतर वर्षभर मी ताईले पाहत होतो. ती घराबाहेर जाणं सोडून बसली. भाजी दारावर आलेल्या ठेल्यावरून घे, औषध भाभीजी आणून देत. गॅस बंद केला का शेगडीवर हात धरून उभी राहे, थंड होईपर्यंत. फ्रिजचा प्लग पण काढून ठेवे, दूध नासे, ते फेकून दे. मैत्रीण एकदा भेटाले आली तं ताईनं तिले दारातूनच परत पाठवलं. नंतर मले म्हणाली, "मी हसत उभी होती रे. आई आत धुरात होती अन् मी चौकात हसत उभी होती." मी काय म्हटलं असेल? मी म्हटलं, जाऊ दे ताई, आईची वेळ आली होती. असं म्हणून मी तिच्या हातची पोळी खाल्ली. दोन खाल्ल्या.

बायकोले मी सगळं सांगितलं होतं, पहिल्याच महिन्यात. ती एकच गोष्ट म्हणाली. "तुम्ही माझ्यापाशी काहून रडता? आग काय माझ्या घरात लागली होती?" त्याच्यानंतर तिनं हा विषय काढला नाही, पण मी ताईकडून आलो का माझ्या तोंडाकडे पाहे, अन् मग भाजी चिराले बसे.

आईच्या वर्षश्राद्धाले गुरुजी गेल्यावर घरात मी अन् ताई दोघंच होतो. ती भांडी घासून राहिली होती, मी पुसून राहिलो होतो. तिचं वजन इतकं उतरलं होतं का बांगड्या कोपरापर्यंत जात. मले वाटलं का आता नाही सांगितलं तं पुढच्या वर्षी हिचं पण ताट वाढा लागेल. मी म्हटलं, "ताई, आईले मी मारलं."

तिनं पाहिलंही नाही. म्हणाली, "हो. अन् बाबांचा रेडिओ पण तूच फोडला होता."

त्या रेडिओची गोष्ट अशी का तो ताईच्या हातून पडला होता, ती बारावीत होती, अन् बाबा घरी यायच्या आत मी म्हणून टाकलं का मी फोडला. मार मले रोजचाच होता, एक जास्त. तेव्हापासून ताईच्या मनात बसलं का हा दुसऱ्याचं आपल्या अंगावर घेते. अन् जन्मभर मी केलं काय? जे बिघडलं ते मी बिघडवलं, जे हरवलं ते मी हरवलं, अशा गोष्टी सांगून लोकांले हसवलं. लोक हसले का मले बरं वाटे. आता खरं सांगाले गेलो तं तोंड तेच अन् भाषा पण तीच. कोण मानेल?

मी पुन्हा म्हटलं, गंमत नाही करून राहिलो. ती म्हणाली, मले माहीत आहे तू माझ्यासाठी करून राहिला, पण राहू दे, मी आता सवय करून घेतली. तिचा आवाज इतका मायेचा होता का मी आणखी एक मिनिट तिथं उभा राहिलो असतो तं तसाच घरी निघून गेलो असतो.

मी श्राद्धाच्या सामानाची यादी पडली होती ती उलटी केली अन् पेन्सिलनं त्याच्यावर ड्रायर काढला. लिहिणं मले जमत नाही, मशीन काढता येते. इथं हीटर, इथं पंखा, हा पाइप, पाइपाच्या तोंडाशी मच्छरदाणी. इथं थर्मोस्टॅट. इथं फ्यूज. अन् कोणत्या शिकाऊ मिस्तरीले समजवावं तसं समजवत गेलो, एक पण गंमत न करता. मच्छरदाणीनं हवा कशी कोंडली, रुई कशी मागं येऊन बसली, फ्यूज काहून उडला. तारेशी आलो तं थांबलो, अन् मग ते पण सांगितलं.

ताईनं हात पुसले अन् पाटावर बसली. ऑफिसात तिनं तीस वर्षं फायली पाहिल्या होत्या. तशीच विचाराले लागली.

"फ्यूज कधी उडला?"

"पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी."

"तार कधी लावली?"

"त्याच दिवशी. तुझ्यासमोर."

"नवा कधी मागवला?"

"नाही मागवला."

"नाहीच?"

"नाही."

ती त्या कागदाकडे पाहत राहिली. मग म्हणाली, "मी घरी असती तं?"

इथं मले खोटं बोलता आलं असतं, अन् ते पण मायेचं. पण मी म्हटलं, "तू घरी असती तं तुले वास आला असता, तू बंद केली असती. आई वाचली असती." तिचं तोंड असं झालं का मी घाईनं पुढचं बोललो. "पण फ्यूज असता तं तुले घरी असायची गरज नव्हती, ताई. तो त्याच्यासाठीच असते. तू दिवसभर चौकात हसत उभी राहिली असती तरी मशीन आपली आपण थंड होऊन पडली असती. चादरी ओल्या राहिल्या असत्या, बस."

ताईनं कागद आपल्याकडे ओढून घेतला. बाहेर भाभीजी कोणाशी तरी बोलत होत्या ते ऐकू येत होतं. मी थापड खायची तयारी करून बसलो होतो, खरं सांगतो, मले ती पाहिजे होती.

"त्या दिवशी तू सगळ्यांसमोर म्हणाला का चालू ठेवून जायला नको होतं."

"हो."

"तेव्हा तार कुठं होती?"

"माझ्या खिशात."

तिनं कागदाची घडी घातली, एकदा, मग पुन्हा एकदा, अन् देवाच्या कपाटात पोथीखाली ठेवली. कागद ती कधी फेकत नाही. पाठमोरी राहूनच मले म्हणाली, "तू आता जा." रागानं नाही. कोण्या अनोळखी माणसाले दुकान बंद झालं म्हणून सांगावं तसं. मी चप्पल घालून राहिलो होतो तं तिनं आतून विचारलं, "भाभीजींचे हात भाजले होते. त्यांले सांगितलं?" मी नाही म्हटलं. "सांगून ये मग," ती म्हणाली.

मी गेलो सांगाले. भाभीजींनी ऐकून घेतलं. एका हाताची दोन बोटं त्यांची अजूनही पुरी मिटत नाहीत. त्या म्हणाल्या, भैया, हमने तो तुम्हारी तारीफ़ की थी. त्यांच्या ओट्यावरून आमचा झरोका दिसतो. तिथं आता ताईनं पुठ्ठा लावला आहे.

त्याच्यानंतर ताईचा फोन नाही. मी दोनदा केला, तिनं उचलला नाही. रविवार आला का मले समजत नाही कुठं जावं, म्हणून मी रविवारी पण काम घेतो. लोक म्हणतात, मिस्तरी मेहनती झाला. कोणी म्हटलं का डायरेक्ट कर दो, तं मी औजारं उचलून निघून येतो. दोन-चार गिऱ्हाइकं तुटली, त्यांले वाटते का म्हाताऱ्याचं डोकं फिरलं.

दिवाळी आली. मागच्या वर्षी घरात सण नव्हता, या वर्षी होता. भाऊबीजेले मी सकाळीच दाढी केली, धुतला शर्ट घातला अन् फोनजवळ बसलो. दुपार झाली. बायको म्हणाली, भावाले आमंत्रण लागते का? जा तुम्ही. मी गेलो. चौकात उतरलो, ताईच्या गल्लीच्या तोंडाशी भुट्टेवाल्याच्या ठेल्यामागं उभा राहिलो, अन् तिथून पुढं पाय निघेना.

तेवढ्यात ताई घरातून निघाली. निळी साडी घातली होती, ती ऑफिसच्या कार्यक्रमांले घाले ती. ऑफिसातली तीच मैत्रीण ऑटोत बसली होती. ताईनं दाराले कुलूप लावलं, एकदा ओढून पाहिलं, अन् पायऱ्या उतरून ऑटोत बसली. मी वाट पाहत होतो का ती आता परत जाईल, गॅस पाहील, प्लग पाहील. ऑटो सुटला. ठेल्याजवळून गेला तं मैत्रीण काहीतरी सांगत होती अन् ताई ऐकून राहिली होती. हसत नव्हती, पण ऐकून राहिली होती. मले तिनं पाहिलं का नाही, ते मले माहीत नाही. मी भुट्टेवाल्याच्या धुरात खाली वाकलो होतो.

घरी जाऊन काय सांगायचं? वाटेत हनुमानाचं मंदिर आहे. मी आत गेलो, पाया पडलो, अन् तिथलाच टिळा कपाळाले लावून घरी आलो. बायकोनं विचारलं, ओवाळलं का ताईनं? मी म्हटलं, हो तं, अनारसे पण केले होते. ती माझ्या कपाळाकडे पाहत राहिली. मग म्हणाली, हात धुऊन घ्या, वाढते.

हात धुताना आरशात पाहिलं. शेंदूर होता, नारिंगी, असा चमकून राहिला होता का विचारू नका. भावाले कोणती बहीण शेंदूर लावते? पन्नाशी उलटली तरी मले कुंकू अन् शेंदूर समजत नाही. मी तो टिळा पुसला नाही. पुसून काय करता, बायकोनं पाहिला होता.

ताट समोर ठेवून बायको बाजूले बसली. वरण वाढताना विचारलं, "ताई कशा आहेत?"

मी म्हटलं, "बरी आहे. बाहेर जाऊन राहिली आता."